शेवटच्या रिळाचा डबा

आत्या,

तू गेल्यापासून मला धड झोप नाही, आणि खरं सांगायचं तर त्यात दुःखाचा वाटा निम्माच आहे. उरलेला निम्मा तुझ्या डब्याचा. माणसं भेटायला येतात, माझे तारवटलेले डोळे बघतात, म्हणतात, "फार जीव होता हो आत्याचा तुमच्यावर." मी मान हलवतो. आता त्यांना कसं सांगू, की हे डोळे रडून नाही, तासातासाला थर्मामीटर वाचून असे झालेत?

तुझ्या तेराव्याची जेवणं उरकली, पेणची मंडळी पानं उचलत होती, तेवढ्यात तुझा सुरेश आतून तो डबा घेऊन आला. तोच. ताटाएवढा, पसरट, गंजलेला, झाकणाला गोल फिरवून चिकटपट्टी मारलेला. भर मांडवात माझ्या हातात ठेवून म्हणाला, "आयनं सांगून ठेवलंय, ह्यो मन्याला द्यायचा. घे बाबा, सुटलो आम्ही." माझ्या उजव्या हाताला उदबत्ती, डाव्या हाताला समई, आणि समोर तुझा जावई खिशात काडेपेटी चाचपत उभा. आत्या, तीस वर्षं मी धाटावच्या कंपनीत सेफ्टी ऑफिसर आहे. मी काय केलं असेल? "सगळे मागे व्हा!" म्हणून ओरडलो. लोकांना वाटलं, मला शोक आवरेना. दोन बायकांनी धरून मला पाणी पाजलं.

तू असतीस तर इथंच थांबवलं असतंस. "अरं, पहिल्यापासनं सांग. नवीन माणसं बसल्यात, त्यांना काय कळतंय?" घरातल्या लग्नात, बारशात मी गोष्ट मधूनच उचलायचो आणि तू मला असं कान धरून मागे न्यायचीस. तर पहिल्यापासून.

तुझे वडील, म्हणजे माझे आजोबा, रोह्यात ज्यांना सगळे तात्या म्हणत, ते तरुणपणी तंबूतल्या सिनेमात गोष्ट सांगायला होते. सिनेमा मुका. मधेमधे पडद्यावर अक्षरांच्या पाट्या यायच्या, पण त्या वाचणार कोण? म्हणून पडद्याच्या बाजूला, पेटीवाल्याच्या शेजारी तात्या उभे. घोडा धावला की तात्या करवंट्यांनी टापा वाजवणार, सरदार चिडला की तात्या चिडणार, आणि नायिका रडली की तंबूतल्या बायकांच्या आधी तात्यांचा गळा दाटून येणार. तो ऐतिहासिक प्रेमाचा सिनेमा त्यांनी इतक्या वेळा सांगितला, की पुढे जन्मभर दुसरं काही त्यांना नीट सांगताच आलं नाही. त्या सिनेमाचं खरं नाव आपल्यापैकी कुणालाच ठाऊक नाही, कारण तात्या गावागणिक त्याला नवं नाव द्यायचे.

गोष्ट मात्र एकच. किल्ल्याला वेढा पडलाय. किल्लेदाराची लेक आणि किल्ल्यावरचा एक जासूद, दोघांचं एकमेकांवर मन. खाली तळ देऊन बसलेला सरदार निरोप धाडतो: मुलगी द्या, वेढा उठवतो. आत धान्य संपलंय, पोरंबाळं भुकेली. मुलगी कुणाला न सांगता एकटी किल्ला उतरते. नदीवर सरदाराची नाव उभी असते. ती नावेत पाय ठेवते, आणि तिकडून जासूद घोडा फेकत येतो. इथं शेवटून दुसरं रीळ संपतं.

शेवटचं रीळ रोह्याला आपल्या घरी राहून गेलं. कसं, ते तात्यांनी कधी सरळ सांगितलं नाही. तंबू पुढच्या गावी लागला, खेळ रंगात आला आणि ऐन वेळी डबाच नाही. मशीनवाल्यानं नुसताच पांढरा उजेड पडद्यावर टाकला. तात्या त्या उजेडापुढे जाऊन उभे राहिले आणि शेवट तोंडानं सांगितला. टाळ्या एवढ्या पडल्या, की तंबूचा मालक म्हणाला, तो डबा आता घरीच असू दे. पुढच्या हंगामात बोलपट आले, तंबू गुंडाळला गेला, डबा आमच्या फळीवर राहिला.

तात्यांनी तो शेवट किती तऱ्हांनी सांगितला असेल, देव जाणे. समोर कोण बसलंय ते बघून सांगायचे. माझ्या वडिलांना सांगितला तो असा, की जासूद घोडा नदीत घालतो, नाव गाठतो आणि दोघं भेटतात. तुला सांगितला तो असा, की नाव सुटते, आणि ती मुलगी मागे वळून बघत नाही. मग तुझं लग्न झालं, तू पेणला गणपतीच्या कारखान्यात गेलीस, आणि तो डबा तात्यांनी तुझ्याबरोबर दिला. माझ्या वडिलांनी ते शेवटपर्यंत मनाला लावून घेतलं. "पुरावा पेणला गेला," म्हणायचे.

भांडणाचा वारसा वडिलांकडून माझ्याकडे आला आणि मी तो फार निष्ठेनं चालवला. रोह्याहून गाडी पकडून मी पेणला यायचो ते तुझ्या हातचे पोह्याचे पापड खायला, असं घरी सांगायचो. खरं म्हणजे भांडायला यायचो. तू डोळे आखायला बसलेली असायचीस. तुझ्यासमोर पांढऱ्या, आंधळ्या मूर्तींची रांग, आणि तुझ्या हातात केसाएवढ्या टोकाचा ब्रश. तू आखणीला बसलीस की कारखान्यात कुणी शिंकायचं नाही, काकासुद्धा दबक्या पावलांनी चालायचे. पण माझ्याशी भांडताना तुझा ब्रश कधी थरथरला नाही.

"भेटत नाय ती, मन्या."

"भेटतात."

"तू व्हतास तिकडं?"

"तू तरी होतीस का?"

"माझ्याकडं डबा हाय."

 मी डबा उचलून बघायचो, कानाशी नेऊन हलवायचो. चांगला जड लागायचा. "उघड की मग," म्हटलं, तर ठरलेलं उत्तर यायचं: "माझ्या मागनं उघड."

पुढे मी कंपनीत लागलो, सुरक्षेचे दोन-चार कोर्स केले, आणि शहाणपणा दाखवायला एकदा तुला म्हणालो, "आत्या, ही जुनी फिल्म भयंकर असते. पेटली तर पाण्याखालीसुद्धा जळते. जुनी झाली की नुसत्या उन्हाच्या तापानंसुद्धा पेट घेते. आणि तू ती थिनरच्या डब्यांशेजारी ठेवलीयस!" तू ब्रश खाली ठेवलास. एखाद्यानं सण नसताना नवं लुगडं आणून द्यावं, तसा तुझा चेहरा झाला.

"मंजे उघडायचा नाय?"

"मुळीच नाही."

"हलवायचा बी नाय?"

"अजिबात नाही."

"बरं झालं बोललास."

त्या दिवसापासून मला डब्याला हात लावायची बंदी झाली, आणि ती माझ्याच तोंडून वदवलेली. मला वाटलं, आत्यानं माझं ऐकलं. घरात माझं कुणी ऐकण्याचा तो पहिलाच प्रसंग, म्हणून मी महिनाभर खुशीत होतो.

तर असा तो डबा तेराव्याला माझ्या हातात आला. तुझ्या भाचेसुनेनं, वंदनानं, गाडीत बसायला साफ नकार दिला. "अहो, आत्या गेल्या तेवढं एक पुरे," म्हणाली आणि स्टेशनाकडे चालू लागली. मी डबा पुढच्या सीटवर ठेवला, त्याला पट्टा बांधला, एसी चालू केला, आणि वायू साचायला नको म्हणून काचाही खाली घेतल्या. पेण ते रोहा यायला मी जेवढा वेळ घेतला, तेवढ्यात माणूस चालत आला असता आणि वाटेत चहाही प्याला असता. नागोठण्याजवळ गाड्या अडकल्या होत्या. कंपनीतला जुना ओळखीचा एक फिटर बिडी ओढत आला आणि खिडकीत कोपर टेकून म्हणाला, "काय सायेब, पेणवरनं काय? डब्यात काय, पापड?" मी काय बोललो ते मला आठवत नाही. तो आता कंपनीत सगळ्यांना सांगतो, की साहेबांना आत्याच्या जाण्यानं जरा लागलंय.

घरी आल्यावर मागच्या अंगणात खड्डा खणला, त्यात ओली वाळू, वाळूवर डबा, डब्यावर उलटं घमेलं, घमेल्यावर भिजलेलं पोतं. स्वयंपाकघरापासून बावीस पावलं, तुळशीपासून अठरा. वैशाखाचं ऊन तुला माहीत आहे. दुपारी जेवायच्या सुट्टीत मी स्कूटर पिटाळत घरी यायचो, पोत्यावर पाणी मारायचो आणि उपाशी परत जायचो. वंदना ओट्याशी उभी राहून बघायची. एकदा म्हणाली, "माझ्या बाळंतपणात एवढ्या फेऱ्या मारल्या नव्हत्यात." शेजारी कुणी चूल पेटवली, कुणी पालापाचोळा जाळला, की मी कुंपणावरून ओरडलोच. समजा पेटला, तर आग कशानं विझवायची? पाणी नाही, फोम नाही, काही नाही. तीस वर्षं लोकांना आगीची प्रात्यक्षिकं दाखवणाऱ्या माणसाकडे आपल्या अंगणातल्या आगीवर एकच उपाय होता, पळणे.

आणि नुसत्या आगीची भीती असती तरी चाललं असतं. पुण्यात जुन्या फिल्मा सांभाळायचं काम करणाऱ्या एका बाईंचा नंबर मी मिळवला होता. त्यांना गोष्ट सांगितली, तर त्यांनी ती पुन्हा एकदा सांगायला लावली. मग म्हणाल्या, "अशा कथेचा मूकपट माझ्या माहितीत नाही. कुठल्याच यादीत नाही. तुमच्याकडे खरंच रीळ असेल, तर त्या चित्रपटाचा जगात उरलेला तो एकमेव तुकडा असेल. तुम्ही कृपा करून काहीही करू नका." सोमवारी त्या स्वतः थंड पेटी घेऊन येणार होत्या. म्हणजे तोवर तो एकमेव तुकडा सांभाळायचा मी. ज्याच्या हातून घरातला एक फ्यूज कधी धड बसला नाही, तो मी. आणि सांभाळला तर काय? पडद्यावर ती मुलगी मागे न बघता निघून जाणार, तू खरी ठरणार, आणि चाळीस वर्षं प्रत्येक लग्नाकार्यात मी लोकांना खोटी गोष्ट सांगितली हे शाबीत होणार. तुला हरवायचं होतं मला, आत्या. पण तू नसताना हरायचंही नव्हतं आणि जिंकायचं तर त्याहून नव्हतं.

गेल्या बुधवारी बाईंचा फोन आला. "झाकण फुगलंय का?"

"नाही."

"वास कसा येतो? उग्र? आंबूस?"

"वास नाही येत."

"अजिबात नाही? नीट घ्या बरं."

मी अंगणात पालथा पडून डब्याला नाक लावलं. वंदनानं हे बघितलं आणि दार लावून घेतलं. गंजाचा वास होता, ओल्या मातीचा होता. बाकी काही नाही.

"विचित्र आहे," बाई म्हणाल्या. "इतक्या जुन्या फिल्मला वास येतोच."

त्यांनी फोन ठेवला आणि माझी भीती एका क्षणात कूस बदलून बसली. इतके दिवस धास्ती होती, की आत फिल्म आहे. आता धास्ती लागली, की नसली तर?

दुसऱ्याच दिवशी रजा टाकून पेण गाठलं. सुरेश म्हणाला, "मला काय म्हायीत नाय दादा, आय तो डबा झाडायला पण देत नव्हती. दामूदादाला इचार." दामूदादा, तुझा रंगाचा जुना माणूस, अजून तुमच्या कारखान्यात येतो. हात कापतात म्हणून आता फक्त मूर्तींच्या पाटांना रंग लावतो. मी त्याच्यापुढे बसलो आणि डब्याचं विचारलं. तो आधी हसला, मग हसता हसता खोकला, मग पाणी प्याला. माझा जीव टांगणीला, आणि हा माणूस तांब्या खाली ठेवायला दोन मिनिटं घेतो.

"ती फिलम? ती कवाच गेली मुकुटावर."

"मुकुटावर?"

"गणपतीच्या. तू कालेजात व्हतास. त्या साली पाऊस असा, की रस्ता बंद. मुंबयवरनं वार्निश येयाचं, ते अडकलं. मूर्त्या उभ्या, सोनेरी लावलेली, आन वरनं चकाकी नाय. हात लावला की सोनं बोटाला. चार दिसांत गिऱ्हाईक दारात. कोन तरी बोललं, जुनी फिलम थिनरात इरघळवली की झ्याक वार्निश व्हतं. तुझा काका नाय बोलत व्हता. बोलला, ती तिच्या बापाची हाय. तर वयनीच उठली आन डबा घेऊन आली."

कसं केलं, तेही त्यानं सांगितलं. आधी सोड्याच्या गरम पाण्यात फिल्म बुडवली, चित्रं धुऊन काढली. काळपट पाणी मोरीतून वाहून गेलं. मग त्या काचेसारख्या स्वच्छ पट्ट्या कातरीनं बारीक कापून बरणीत घातल्या, वरून थिनर, आणि दोन दिवस हलवत बसले. कारखाना पिकलेल्या केळ्यांसारखा वासायला लागला होता, म्हणे. बरणी कुठं ठेवली होती? देवघरात, निरांजनाच्या खाली. आत्या, हे ऐकून मी तिथंच एका पाटावर बसलो. तो ओला होता. अजून माझ्या पॅंटला लाल रंग आहे.

"आणि डब्यात काय आहे मग?"

"शाडू! मीच दाबून भरून दिली. वयनी बोलली, भाचा आला की हलवून बघतो रं, जड लागला पायजे."

मी हसलो. मला वाटतं, तू गेल्यानंतर पहिल्यांदाच. तीन आठवडे मी पेणमधून आणलेल्या सगळ्यांत न पेटणाऱ्या वस्तूवर ओली पोती घालत होतो. तेवढ्यात दामूदादा सहज बोलल्यासारखं बोलला, "पर बघितली तिनं. धुवायच्या आदी."

"काय बघितली?"

"फिलम. सगळी. खिडकीशी बसून, डोळे आखायचं भिंग घेऊन. एक अख्खी सकाळ. हातभर सोडवायची, उजेडाला धरायची, बघायची, परत गुंडाळायची. कोनाला जवळ येऊ दिलं नाय."

"मग? काय होतं त्यात?"

"मी पन तेच इचारलं. काय हाय गो वयनी? तर हसली. बोलली, दाम्या, तात्यांनी आमा दोघांना बी फसवलं. मंग पदरानं डोळं पुसलं आन बोलली, घे, टाक पाण्यात."

दोघांनाही, आत्या. म्हणजे भेटत नाहीत आणि निघूनही जात नाहीत? मग काय होतं त्या नदीवर? नाव उलटते? तो घोडा थांबवतो? तीच परत फिरते, आणि किल्ल्याचे दरवाजे तिच्यासाठी उघडत नाहीत? येताना गाडीत मी किती शेवट लावून बघितले, एकही टिकेना. ऐन पावसाळी दिवसाच्या उजेडात, हातभर हातभर करत, भिंगातून तू तो बघितलास, धुऊन टाकलास, आणि पुढे चाळीस वर्षं माझ्यासमोर एका खोट्या शेवटाची बाजू घेऊन भांडलीस. आणि मी माझ्या खोट्याची.

का, ते मी विचारणार तरी कुणाला? तू एकदा बोलून गेली होतीस, की तात्यांनी तुला तो शेवट तुझ्या लग्नाच्या आदल्या दिवशी सांगितला. नावेत बसलेली, वळून न बघणारी मुलगी. तेव्हा मी लक्ष दिलं नाही, मला पुढचा मुद्दा मांडायची घाई होती. आता वाटतं, तो शेवट सिनेमाचा नव्हताच, तुझ्यासाठी बेतलेला होता, आणि खरा बघितल्यावरही तू तात्यांनी दिलेलाच जवळ ठेवलास. किंवा हे सगळं मी रचतोय. आपल्या घरात ती खोड आहेच.

पण एक गोष्ट मी रचलेली नाही, आणि तीच मला छळते. तू अंथरुणाला खिळलीस, तेव्हा मी आलो होतो. वंदनाला तू "ये गो, बस" म्हणून उशाशी बसवलंस. मग माझा हात धरलास आणि म्हणालीस, "मन्या, तो शेवट..." तुला धाप लागत होती. आणि मी, मोठ्या मनाचा, समंजस, आजारी माणसाशी भांडू नये एवढी अक्कल असलेला मी, पटकन म्हणालो, "तुझंच खरं, आत्या. ती वळून बघत नाही. मान्य." तू माझ्याकडे कसं बघितलंस! एखाद्या मूर्तीचा डोळा वाकडा आखला गेल्यावर बघायचीस, तसं. "गाढवा," म्हणालीस आणि कुशीवर वळलीस. आम्ही दोघंही बाहेर येऊन म्हणालो, अजून हुशारी आहे हो आत्यांना.

तू सांगणार होतीस ना? की नव्हतीस? निदान त्या दिवशी भांडलो असतो, "नाही, भेटतात!" म्हणालो असतो, तर चिडून तरी तुझ्या तोंडून निघालं असतं. चाळीस वर्षं वाद घातला आणि नको त्या दिवशी शहाण्यासारखा वागलो. एवढ्या वर्षांत मी तुला "तुला कोणी सांगितलं?" हे शंभरदा विचारलं. "तू बघितलंस का?" हे एकदाही नाही. माझ्या डोक्यातच आलं नाही, की आपल्यापैकी कुणी ती गोष्ट ऐकण्यापलीकडे आणखी काही केलं असेल.

आणि तरी, आत्या, राग येत नाही. लोकांपुढे उभं राहून बोलायला मी शिकलो तो तुझ्या त्या कारखान्यात, आंधळ्या मूर्तींच्या रांगेपुढे. तू एकदा जरी हरली असतीस, तर मी पुन्हा पेणला कशाला आलो असतो? पापड काय, रोह्याच्या बाजारातही मिळतात.

घरी येऊन डबा उघडला. खबरदारी म्हणून अंगणातच उघडला, आणि वंदनाला आत जायला सांगितलं, सवय जात नाही. आत शाडू. वाळून दगड झालेली, दोन भेगा पडलेल्या. पण वरचा पृष्ठभाग ओल्या हातानं घोटून असा सपाट केलेला, की पाण्याची पातळी वाटावी. ते काम दामूदादाचं नव्हे. जे कुणाला कधी दिसणार नव्हतं, तेही तू घोटून ठेवलं होतंस.

मग पुण्याला फोन केला. 

"काहीच नाही?" बाई म्हणाल्या.

"शाडू आहे. चांगल्या प्रतीची."

 त्यांनी हळूच विचारलं, "तो शेवट पाहिलेलं कुणी आहे का हो? म्हणजे, प्रत्यक्ष पाहिलेलं?"

"माझ्या आत्यानं बघितलाय. पूर्ण. भिंगातून, एकेक चित्र."

"अरे वा! त्यांच्याशी बोलता येईल?"

मी सांगितलं. पाच आठवडे झाले, एवढंच सांगितलं. त्यांनी माफी मागितली, मीही मागितली, का ते दोघांनाही ठाऊक नाही. मग म्हणाल्या, "मी सोमवारी तरीही येते. पेटीऐवजी रेकॉर्डर आणते. तुम्हाला जेवढी ठाऊक आहे तेवढी कथा नीट, सुरुवातीपासून सांगा. निदान ती तरी राहील."

उद्या सोमवार. आत्या, मला इतकी धास्ती डब्याचीही वाटली नव्हती. आजवर मी काय वाटेल ते फेकलं, कारण समोर तू होतीस, चुकलं की "खोटं हाय, खोटं हाय" म्हणून ओरडायला. आता मी बोलेन ते तसंच लिहून घेतलं जाईल, आणि तेच खरं मानलं जाईल. माझ्या वडिलांचा शेवट सांगू? तुझा सांगू? दोन्ही खोटे, हे आता मला ठाऊक आहे. आणि तिसरा कळायला काही वाटच राहिली नाही.

आज दुपारी सराव करायला बसलो. वंदना पायरीवर लोणच्याच्या कैऱ्या फोडत होती, तिला म्हटलं, ऐक. तिनं ही गोष्ट माझी एक आणि तुझी एक, अशी दोन्हीकडून लग्न झाल्यापासून ऐकली आहे. तरी कोयता बाजूला ठेवून ऐकायला बसली. मी पहिल्यापासून सांगितली. वेढा, जासूद, संपलेलं धान्य, सरदाराचा निरोप. मुलगी किल्ला उतरते. ती नावेत पाय ठेवते. तिकडून घोडा येतो.

मी थांबलो.

वंदनानं वाट बघितली. मग म्हणाली, "पुढे?"

"पुढचं आत्यानं बघितलंय," मी म्हणालो.